जोगणीच्या ओढ्यावरचा एकेचाळीस

"जपून रे लिंबाजी. दगड फुटला तर सरकारी मालमत्तेचं नुकसान," गुंजोटीकर साहेब म्हणाले आणि आपल्याच विनोदावर हसले.

लिंबाजी धोत्रे मुकादम हसला नाही. त्यानं पहारेचं टोक दगडाच्या बुडाशी घातलं, छातीचा भार दिला, आणि सडकेच्या कडेला सव्वीस वर्षं ताठ उभा राहिलेला तो काळा दगड एका अंगाला कलला. दगडावर आकडा कोरलेला होता. एकेचाळीस. तो कोरणारा हात लिंबाजीच्या बापाचा होता, हे सगळ्या उपविभागाला माहीत होतं आणि त्या सकाळी कुणालाच आठवत नव्हतं.

मी रेक्झिनची फाइल छातीशी धरून जीपजवळ उभी होते. उपविभागीय कार्यालयातली आवक-जावक कारकून सडकेवर काय करतेय, असा प्रश्न कुणालाही पडावा. तर पंचनाम्याला लिहिणारं माणूस लागतं आणि साहेबांचं अक्षर साहेबांनाही लागत नसे.

"लिहा, उटगेबाई," साहेब म्हणाले. "मोरीच्या परिसरात पाहणी केली असता कोणताही जुना अंतरदर्शक दगड आढळून आला नाही."

मी दगडाकडे पाहिलं. तो अजून अर्धा जमिनीत होता.

"साहेब, आढळतोय ना," मी म्हटलं.

"मग पाच मिनिटं थांबा आणि लिहा."

मी पाच मिनिटं थांबले आणि लिहिलं. ही गोष्ट सांगताना माझा आवाज चढतो, तेव्हा हे वाक्य मी आधीच सांगून टाकते. ऐकणाऱ्याला माझ्या रागाची किंमत करायला सोपं जातं.

आमची सडक कागदावर एकशे चार किलोमीटरची. पूर्वेला देवणगाव, पश्चिमेला करंजपेठ, आणि बरोबर मध्यावर आमचं बोरखेडा. निजामाच्या काळात ती देवणगावच्या कापसाच्या गाड्यांसाठी आखली. सरळ आखली असती तर नव्वद किलोमीटरात आटोपली असती. पण शिरपूरच्या जहागीरदाराची आमराई वाटेत आली, ती तुटू नये म्हणून सडकेनं तीन किलोमीटरचा वळसा घेतला. जहागीर गेली, आमराई जळणात गेली, वळसा मात्र अजून आहे. पुढे एका पुढाऱ्याच्या मेव्हण्याची जिनिंग मिल होती, तिच्या दारावरून सडक वाकून नमस्कार करून जाते. बहात्तरच्या दुष्काळात बायकांनी खडी फोडून ती रुंद केली, तीही जिथं मुकादमाची टेप पुरली तिथवरच. सडक सरळ जाते ती फक्त साहेबांच्या खोलीतल्या नकाशात.

तर या सडकेचे किलोमीटर देवणगावपासून मोजायचे, कारण जिल्ह्याचं ठिकाण देवणगाव. त्याचे हे काळे दगड. मग जिल्हा फुटला. आम्ही नव्या जिल्ह्यात गेलो आणि नव्या जिल्ह्याचं ठिकाण झालं करंजपेठ. नव्या कलेक्टरांना आपली सडक दुसऱ्याच्या दारातून सुरू होते हे रुचलं नाही. हुकूम आला की मोजणी करंजपेठपासून. मग सिमेंटचे पांढरे दगड आले, उलट्या बाजूनं आकडे घालत.

हिशेब अगदी सोपा होता. कुठल्याही जागेचा काळा आकडा आणि पांढरा आकडा यांची बेरीज एकशे चार. जोगणीच्या ओढ्यावर काळा एकेचाळीस, म्हणून पांढरा त्रेसष्ट. तिथून बावीस किलोमीटर पश्चिमेला उंबरदऱ्याचा फाटा. तिथं पांढरा एकेचाळीस, म्हणून काळा त्रेसष्ट. दोन ठिकाणं, दोन आकडे, पण अदलाबदल झालेले. शाळेतल्या पोराला गणित म्हणून घालावं असं.

नियम असा होता की पांढरे रोवले की काळे उपटायचे. दोन वर्षांपूर्वी गुंजोटीकर साहेबांनी वर लिहून कळवलं होतं की सर्व जुने दगड काढण्यात आले. त्या पत्राचा जावक क्रमांक मीच घातला होता. प्रत्यक्षात बोरखेड्याच्या आसपासचे दहा-बारा निघाले. बाकीचे उभेच, कारण दगड उपटायला माणसं लागतात आणि पत्राला फक्त शाई.

मग सडक दुरुस्तीच्या गँगच्या माणसांनी आपली तोड काढली. 'काळ्याचा अडतीस', 'पांढऱ्याचा अडतीस' असं ते बोलत. महिनाभरापूर्वी लिंबाजीनं काळ्या दगडाच्या हिशेबानं खड्डे भरले, ते साहेबांच्या हिशेबानं चुकीच्या जागी भरले गेले. त्याला मेमो मिळाला, की यापुढे कार्यालयीन आदेशातील सर्व अंतरं नव्या मोजणीप्रमाणेच वाचावीत, अन्यथा कारवाई. लिंबाजीनं तो मेमो घडी घालून पागोट्यात ठेवला होता.

आणि आठवड्यापूर्वी परतीच्या पावसात जोगणीच्या ओढ्यावरची मोरी खचली. एका बाजूचा कठडा गेला आणि सडकेला चांगलं पुरुषभर खोल भगदाड पडलं. साहेब त्या दिवशी जीपमधून तिकडून येत होते. पाऊस होता, ते खाली उतरले नाहीत. काचेतून बाजूचा दगड पाहिला, डायरीत आकडा टिपला, आणि ऑफिसात येऊन मला आदेश सांगितला: 'कि.मी. ४१ मधील मोरी खचली असून तात्काळ पिंपे, लाल निशाणं व दगडांची रांग लावून वाहतूक एका बाजूने वळवावी.' मी स्वच्छ अक्षरात उतरवला. साहेबांनी सही केली. जावक क्रमांक अकराशे सत्तावीस. लिंबाजी तो घेऊन गेला.

साहेबांनी काळा दगड वाचला होता. लिंबाजीनं मेमोप्रमाणे पांढरा शोधला. तो पिंपं बैलगाडीत घालून उंबरदऱ्याच्या फाट्यावर गेला आणि तिथल्या धडधाकट मोरीभोवती लाल निशाणं लावली.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी जनावरांचे डॉक्टर बिडवे एका अडलेल्या म्हशीकडे जाऊन परत येत होते. जोगणीच्या ओढ्यावर ना पिंप होतं, ना निशाण. त्यांची राजदूत मोटारसायकल भगदाडात गेली. सकाळी शेळ्या चारणाऱ्या म्हातारीला ते सापडले.

बिडव्यांना दोन मुली होत्या. धाकटी बालवाडीत.

माणूस गेल्यावर आमच्या खात्याला जी चपळाई येते, ती आधी आली असती तर या देशात कुणी मेलंच नसतं. चौथ्या दिवशी मोरीच्या पायाचं काम सुरू झालं होतं. पाचव्या दिवशी दुपारी चौकशी अधिकारी येणार होते. आणि पाचव्या दिवशी सकाळी आम्ही तिथं उभे होतो, लिंबाजीला पहार मारायला लावून.

दगड निघाला. गँगमधल्या दोघांनी हात लावला.

"कुठं टाकू, साहेब?" लिंबाजीनं विचारलं.

"टाकतोस कशाला? एवढा घडीव दगड. मोरीच्या पायात घाल. आकडा आतल्या बाजूला करून."

लिंबाजी ओढ्यात उतरला. त्यानं पायाच्या थरात जागा केली, दगड बसवला, हलतो का ते पायानं दाबून पाहिलं, वरून सिमेंटचा माल ओढला. त्याची बसवण्याची पद्धत अशी नीट होती की मला त्याचा राग आला. माणसानं निदान वाकडा तरी बसवावा.

"मुकादम," तो वर आल्यावर मी हळूच म्हटलं, "तुम्हाला कळतंय ना, तुम्ही काय पुरलंत ते?"

"कळतंय की."

"मग?"

"साहेबानं सांगितलं, बाई. आन् न्हाई म्हणून दगड काय ऱ्हाणार हाय व्हय? दुसऱ्यानं उपटला असता. त्यानं फोडला असता." त्यानं हात धोतराला पुसले. "असा हाय तरी शाबूत."

पंचनाम्यावर पंच म्हणून त्यानं सही केली. आकडे आणि सही एवढंच त्याला लिहिता येई. खाली लेखनिक म्हणून मी सही केली.

परतीच्या वाटेवर साहेब पुढे ड्रायव्हरशेजारी बसले होते. बोरखेडा दिसायला लागलं तसे मागे वळले.

"उटगेबाई, जावक रजिस्टरमध्ये एक दुरुस्ती आहे. अकराशे सत्तावीसच्या विषयात एकेचाळीस पडलंय. त्रेसष्ट पाहिजे."

"पडलेलं नाही साहेब. तुम्ही सांगितलं तेच लिहिलंय."

"मी त्रेसष्ट सांगितलं होतं. माझ्या डायरीत त्रेसष्ट आहे."

डायरीत असणारच. ती त्यांच्याच खिशात होती. ऑफिस प्रतीच्या जागी फाइलला नवी प्रत लागली होती, तिच्यावरही त्रेसष्ट होतं. मूळ आदेश अपघाताच्या दुसऱ्याच दिवशी साहेबांनी लिंबाजीकडून 'फाइलला लावायचाय' म्हणून परत मागून घेतला होता, आणि त्या भल्या माणसानं दोन्ही हातांनी दिला होता.

तेव्हा मला त्यांचा सगळा हिशेब उलगडला, आणि खरं सांगते, रागाच्या आधी क्षणभर कौतुकच वाटलं. साहेबांनी त्रेसष्ट लिहिलं होतं असं ठरलं, तर लिंबाजी उंबरदऱ्याला का गेला? कारण उंबरदरा हा जुना, काळा त्रेसष्ट. म्हणजे मेमो देऊनही मुकादमानं खोड सोडली नाही, जुन्याच मोजणीनं गेला, आणि माणूस मेला. मेमो लिंबाजीच्या पागोट्यात होताच, पुरावा म्हणून. एका आकड्यानं साहेब सुटत होते आणि लिंबाजी फासात जात होता. आडवा येणारा दगड पायात गेला होता. आडवी येणारी दुसरी वस्तू होती माझं रजिस्टर.

"काळा त्रेसष्ट तर तुमच्याच पत्राप्रमाणे दोन वर्षांपूर्वी काढलाय, साहेब," मी म्हटलं. "मग मुकादमानं तो वाचला कुठून?"

साहेब हसले. "सडकेवरचे काढले हो. त्यांच्या डोक्यातले कोण काढणार?"

ड्रायव्हर हसला. त्याला हसणं भागच होतं.

"रजिस्टरमध्ये खाडाखोड चालत नाही," मी म्हटलं. "तुमचंच परिपत्रक आहे."

"मग पान नव्यानं लिहा. चहा सांडला म्हणा."

"मी चहा पीत नाही, साहेब."

ते पुढे वळले. जीप ऑफिसच्या दारात थांबली. उतरताना म्हणाले, "तुमची नोकरी अजून कच्ची आहे ना? मार्चमध्ये तुमचा गोपनीय अहवाल मलाच लिहायचाय. विचार करा."

मी विचार केला. माझ्या रागानं केला म्हटलं तरी चालेल. मी चोवीस वर्षांची होते, आणि त्या वयात अन्यायाविरुद्ध उभं राहायला जेवढं धैर्य लागतं, त्याहून जास्त धैर्य आपण रागावलो आहोत या आनंदातून मिळतं. रजिस्टर कापडी पिशवीत घातलं, पिशवी काखोटीला मारली आणि दुपारी तीनला विश्रामगृहावर गेले.

चौकशी अधिकारी मंडळ कार्यालयातून आले होते. वयस्कर, नाकाच्या शेंड्यावर चष्मा, समोर बशीत पेरूच्या फोडी. ते एक फोड मिठाला लावत, प्रश्न विचारत आणि उत्तर येईपर्यंत चावत. एका बाजूला गुंजोटीकर साहेब खुर्चीवर. लिंबाजी दाराशी उभा, पागोटं काढून हातात धरलेलं. त्याची नोकरी अडीच वर्षं उरली होती. बडतर्फ झाला असता तर पेन्शनही गेली असती, आणि सडकेच्या कडेची गँगची खोलीही, जिच्यात तो, बायको आणि एक विधवा सून राहत होते. हे सगळं त्या खोलीत बसलेल्या प्रत्येकाला ठाऊक होतं.

साहेबांनी आपली बाजू मांडली. डायरी, प्रत, मेमो, पंचनामा. सगळं कसं लोण्यासारखं.

"आपलं काय म्हणणं आहे, बाई?" अधिकारी माझ्याकडे वळले. "तुम्ही बोलवणं नसताना आलात."

मी रजिस्टर उघडून त्यांच्यासमोर ठेवलं. "अकराशे सत्तावीस पाहा. विषय, कि.मी. एकेचाळीस. त्याच दिवशी, त्याच शाईत. आदेश मी लिहिलाय. त्यात एकेचाळीसच होतं. साहेबांनी काळा दगड पाहून आकडा सांगितला आणि मुकादमानं मेमोप्रमाणे पांढरा पाहिला. चूक मुकादमाची नाही."

अधिकाऱ्यांनी पान बोटानं चाचपलं, उजेडाकडे धरलं. "काळा दगड तिथं होता?"

"आज सकाळी नऊपर्यंत होता."

त्यांनी पंचनामा पुढे ओढला. चष्मा वर केला. "'कोणताही जुना अंतरदर्शक दगड आढळून आला नाही.' खाली लेखनिक म्हणून ही सही कुणाची?"

"माझी."

"मग तुमचं कुठलं लिहिलेलं खरं धरू? सकाळचं की आठवड्यापूर्वीचं?"

साहेब खुर्चीत जरा सैल बसले. "बाई नवीन आहेत. उतरवताना आकडा चुकला असेल. माझं काही म्हणणं नाही, माणसाकडून होतं," ते म्हणाले. त्यांच्या आवाजात इतका मोठेपणा होता की मला तो रजिस्टरनं झाकावासा वाटला.

"मी आकडा चुकत नाही," मी म्हटलं. "तीन वर्षांत एकही क्रमांक चुकलेला दाखवा. तुम्ही जीपमधून उतरला नाहीत. पाय भिजतील म्हणून उतरला नाहीत आणि एक माणूस मेला. आणि आता या गरिबाच्या हातानं..."

"हळू, बाई," अधिकारी म्हणाले. त्यांनी एक फोड खाल्ली. मग लिंबाजीकडे पाहिलं. "लिंबाजी धोत्रे. आदेशात आकडा काय होता?"

"एकेचाळीस, साहेब."

"नक्की?"

"आकडा मला समजतो, साहेब. मह्या बापानं कोरल्यात."

"बरं. बाईंचं आणि तुझं जुळतंय. धरू की एकेचाळीसच होतं." अधिकारी पुढे झुकले, आणि पहिल्यांदाच त्यांचं चावणं थांबलं. "तू उंबरदऱ्याला गेलास. तिथली मोरी खचलेली होती?"

"न्हाई. चांगली हुती."

"तू सडकेवर किती वर्षं आहेस?"

"एकतीस."

"एकतीस वर्षं सडकेवर असलेला मुकादम धडधाकट मोरीभोवती लाल निशाणं लावतो. तुला शंका आली नाही? आदेशात खचलेली मोरी लिहिलीय आणि समोर मोरी शाबूत आहे. तू परत येऊन ऑफिसात विचारलंस का कुणाला?"



इथं मला थांबून त्या गुरुवारचं, बिडवे ज्या संध्याकाळी गेले तिच्या आधीच्या दुपारचं, सांगितलं पाहिजे.

साहेब मीटिंगला करंजपेठला गेले होते. चार वाजता लिंबाजी ऑफिसच्या दारात आला. उंबरदऱ्यापासून अकरा किलोमीटर सायकल मारत आला होता, घामानं भिजलेला. मी बसल्याजागीच विचारलं, "काय मुकादम, सासुरवाडीहून की काय?" टायपिस्ट हसला. लिंबाजीही हसला.

"बाई," तो म्हणाला, "पांढऱ्या एकेचाळीसाला मोरी चांगली हाय. काय बी झालं न्हाई तिला. साहेबाला जोगणीची तर म्हणायची नसंल? तिथं काळा एकेचाळीस हाय. म्या तसाच फुडं जाऊन बगू का?"

त्यानं बरोबर ओळखलं होतं. अक्षरशः बोट ठेवलं होतं. जोगणीचा ओढा आमच्या ऑफिसपासून अकरा किलोमीटर. उजेडात पोचला असता.

माझ्यासमोर सत्तर पत्रांचा गठ्ठा होता. मी म्हटलं, "मुकादम, कागदावर काय आहे?"

"एकेचाळीस."

"सध्या कुठला चालतो?"

"पांढरा."

"मग झालं तर. मागच्या महिन्यात काळ्याचं ऐकलंत आणि मेमो घेऊन घरी गेलात. आता पांढऱ्याचं ऐका. की तुम्हाला दोन मेमोंची जोडी लावायचीय?"

सगळं ऑफिस हसलं. मला माझं वाक्य आवडलं होतं. लिंबाजी जरा वेळ दाराला धरून उभा राहिला, मग "तसं तर तसं" म्हणून सायकलवर टांग टाकून उंबरदऱ्याच्या दिशेनं गेला, निशाणांवर रात्रीचे कंदील लावायला. आवक रजिस्टरमध्ये त्याच्या येण्याची नोंद नाही. माणसांच्या येण्याची नोंद आम्ही करत नसू.

आणि आता अधिकारी विचारत होते, तू विचारलंस का कुणाला.

लिंबाजीनं माझ्याकडे पाहिलं. फार वेळ नाही, एखादा माणूस सडक ओलांडण्याआधी जेवढं बघतो तेवढंच.

"न्हाई, साहेब," तो म्हणाला. "कुणाला इचारलं न्हाई."

"का नाही?"

"ध्यानात आलं न्हाई."

अधिकाऱ्यांनी मान हलवली आणि लिहायला घेतलं. लिहिता लिहिताच म्हणाले, "आदेश एकेचाळीसचा असो नाही तर त्रेसष्टचा. समोरची मोरी शाबूत दिसत असताना या माणसानं चौकशी केली नाही. हलगर्जी इथंच सिद्ध होते. बाकीच्यात शिरायची गरज नाही." मग चष्म्यावरून माझ्याकडे बघून, "बाई, तुम्हाला आणखी काही सांगायचंय?"

मी तिथं आले होते ती सगळ्यांना सगळं सांगायला. पिशवीभर राग घेऊन आले होते. साहेबांच्या पायांपासून त्यांच्या डायरीपर्यंत सगळं सांगून झालं होतं.

"नाही," मी म्हटलं.

गुंजोटीकर साहेबांना पुढच्या वर्षी बढती मिळाली. माझा गोपनीय अहवाल 'चांगला' आला. त्यांनी तो का चांगला लिहिला हे मी कधी विचारलं नाही. त्यांनाही कुणीतरी त्या गुरुवारचं सांगितलं असणार आणि त्यांनी आपल्या पद्धतीनं बेरीज केली असणार. लिंबाजीच्या बडतर्फीचं पत्र दोन महिन्यांनी निघालं. त्याचा जावक क्रमांक मी घातला. तोही चुकला नाही.

पण ते पुढचं. त्या दुपारी मी विश्रामगृहाच्या बाहेर आले तेव्हा लिंबाजी लिंबाखाली सायकलच्या चाकात हवा भरत होता. आत अधिकाऱ्यांसाठी भजी तळायला घेतली होती. त्यांचा ड्रायव्हर जीपचं बॉनेट उघडून रेडिएटरमध्ये पाणी ओतत होता.

मी त्याच्याजवळ गेले. मला वाटत होतं, या माणसाचे पाय धरावेत. यानं मला वाचवलं, एका पोरसवदा कारकून बाईसाठी स्वतःची भाकरी दिली. मनातल्या मनात मी त्याला देवमाणूस करून टाकलं होतं, आणि त्यामुळे मला जरा बरंही वाटायला लागलं होतं.

"मुकादम," मी म्हटलं, "तुम्ही माझं नाव का नाही सांगितलं? माझ्यासाठी तुम्ही कशाला..."

त्यानं पंप थांबवला. माझ्याकडे जरा नवलानं पाहिलं.

"तुमच्यासाठी न्हाई, बाई."

"मग?"

"म्या म्हणलं असतं बाईला इचारलं हुतं, तर साहेबानं तुम्हाला इचारलं असतं. तुम्ही न्हाई म्हणला असता." त्यानं पंप पुन्हा नळीला लावला. "मंग म्या चुकार बी झालो असतो आन् खोटा बी. चुकार झालो ते झालो. खोटं कशापायी व्हायचं?"

मला असा राग आला की कान तापले. साहेबांचा आला नव्हता इतका. ज्याच्यासाठी मी नोकरी पणाला लावून रजिस्टर काखेत मारून आले होते, त्यानं मला असं मोजावं. दिवसभरात कुणीही माझा एवढा अपमान केला नव्हता.

"मी खरं तेच सांगितलं असतं," मी म्हटलं. "तुम्ही बोलला असतात तर मी खरंच सांगितलं असतं. तुम्ही मला संधीच दिली नाहीत, मुकादम. हे बरोबर केलं नाहीत तुम्ही."

लिंबाजीनं चाक अंगठ्यानं दाबून पाहिलं. झाकण घट्ट केलं. रागावला नव्हता, उपरोधानंही बोलत नव्हता. रस्ता विचारणाऱ्याला रस्ता सांगावा तसं त्यानं हनुवटीनं विश्रामगृहाकडे दाखवलं.

"साहेब आजून आतच हायेत, बाई. भजी खायालेत. जावा की."

तो सायकलवर बसून गेला. मी पिशवी काखेत धरून लिंबाखाली उभी राहिले. ड्रायव्हरनं बॉनेट लावलं, काच पुसली, बिडी पेटवली. आत कपबशा वाजत होत्या. दार उघडं होतं आणि पायऱ्या तीनच होत्या.

जीप निघायला अजून बारा मिनिटं लागली. मी घड्याळ बघत होते.